गुडघाभर खड्डा

मागच्या अंगणात खड्डा खणायला सुरुवात झाली त्या सकाळी तपासनीसांच्या वडिलांनी खिडकीतून तो नीट न्याहाळला आणि म्हणाले, "आखूड होतोय. माझे पाय बाहेर राहतील."

तपासनीसांच्या हातातली मोजपट्टी सटकन गुंडाळली गेली. "बाबा, हा तुमच्यासाठी नाही. चिकूसाठी आहे."

"मग फार मोठा आहे," बाबा म्हणाले आणि कुशीवर वळले. वळले म्हणजे अर्धेच वळले. डावी बाजू गेल्या वर्षापासून त्यांचं ऐकत नव्हती.

तपासनीस म्हणजे वजनमापांचे. निवृत्त होऊन चार महिने झाले होते, तरी गल्ली त्यांना अजून तपासनीसच म्हणायची. छत्तीस वर्षं त्यांनी दुकानदारांचे तराजू तपासले, लिटरची मापं उलटी करून त्यांची बुडं ठोकली, कापड मोजायच्या पट्ट्यांना पट्ट्या लावल्या. इतकं करून माणूस जरा संशयी होतोच. बायको "चिमूटभर मीठ" म्हणाली की त्यांच्या कपाळावर आठी पडायची. एकदा त्यांनी तिच्या चिमटीतलं मीठ काट्यावर घालून पाहिलं. सहा चिमट्यांची सहा वजनं आली म्हणून ते दोन दिवस अस्वस्थ होते. बायको अस्वस्थ नव्हती, कारण भाजी नेहमीसारखीच झाली होती.

बाबा मात्र माळी. सार्वजनिक बागेच्या रोपवाटिकेत त्यांनी चव्वेचाळीस वर्षं कलमं बांधली. शहरातल्या अर्ध्या बंगल्यांच्या आवारात त्यांच्या हातची झाडं उभी होती, आणि त्यांची फळं पाखरं आणि बंगलेवाले मिळून खात होते. स्वतःचं म्हणावं असं झाड बाबांना नव्हतं. झाडाला जमीन लागते, आणि बाबांचा जन्म दुसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्यांत गेला. मुलाने बैठं घर घेतलं, मागे चार ढांगांचं अंगण आलं, तोवर बाबांचे पाय गेले. पण हात जायच्या आधी त्यांनी एक शेवटचं कलम बांधून ठेवलं होतं. खाली खिरणीचं मूळ, वर चिकूची काडी. खिरणी रानटी, चिवट, उन्हाला दाद न देणारी, आणि चिकू गोड पण नाजूक. दोघांची गाठ घातली की झाड दोघांचं घेतं, असं बाबा सांगायचे. ते कलम दोन वर्षं तेलाच्या पत्र्याच्या डब्यात खिडकीखाली उभं होतं. आता डब्याचं बूड गंजलं होतं आणि त्यातून एक मूळ बाहेर येऊन फरशीवर जागा शोधत होतं.

डॉक्टर बाहेरच्या खोलीत हळू आवाजात म्हणाले होते, "हा उन्हाळा निघाला तर बघू." बाबांचं सगळं गेलं होतं, कान सोडून. डॉक्टर गेल्यावर त्यांनी मुलाला बोलावलं आणि सांगितलं, "त्या डब्यातल्याला जमिनीत घाल. मला बघायचंय."

बाबांनी त्यांच्याकडे एवढी एकच गोष्ट मागितली होती. तपासनीसांनी वही उघडली. "सांगा. खड्डा किती?"

"गुडघाभर."

"गुडघाभर म्हणजे किती? कुणाचा गुडघा?"

"खणणाऱ्याचा."

तपासनीसांनी पेन खाली ठेवलं. बाबा सांगत राहिले. वरची माती एका बाजूला काढ, खालची दुसऱ्या. खाली कडक लागलं तर पहारीने भोकं पाड, पाणी वाट काढील. कुजलेलं शेणखत दोन पाट्या. मग माती ओली करून मुठीत दाब. लाडू वळला आणि बोट लावल्यावर फुटला, की घाल झाड. झालं.

वहीत काहीही लिहिलं गेलं नाही. पाटी हा शब्द मात्र दोघांच्या मध्ये क्षणभर तसाच पडून राहिला. त्याचं कारण असं. नोकरीच्या पहिल्या वर्षी, अंगावरचा नवा गणवेश अजून कडक असताना, तपासनीसांनी सार्वजनिक बागेवर धाड घातली होती. तिथे खत प्रमाणित मापाने न विकता वेताच्या पाटीने विकलं जात होतं. पाटीवर शिक्का नव्हता. तपासनीसांनी पाटी जप्त केली, तिला क्रमांकाची चिठ्ठी बांधली आणि पंचनाम्यावर सही घ्यायला माळ्यापुढे कागद धरला. माळी म्हणजे बाबा. बाबांनी सही केली. त्या दिवशी ते खत ओंजळीने देत होते, असं नंतर कुणीतरी सांगितलं. घरी त्यावर एक शब्द निघाला नाही, पस्तीस वर्षांत नाही. तपासनीसांना बढती मात्र लवकर मिळाली.

तेव्हा गुडघाभर वगैरे त्यांच्याने होणार नव्हतं. त्यांनी शेजारच्या हेडमास्तरांना विचारलं. हेडमास्तर निवृत्त होते, आणि निवृत्त हेडमास्तरला प्रश्न विचारणं म्हणजे हात दाखवून अवलक्षण. ते दहा मिनिटांत एक जाडजूड पुस्तक घेऊन कुंपणापाशी हजर झाले. त्यांनी आयुष्यात एकही झाड लावलं नव्हतं, पण त्यामुळे त्यांच्या मतांना कुठे धक्का लागला नव्हता.

"एक मीटर लांब, एक मीटर रुंद, एक मीटर खोल," त्यांनी वाचून दाखवलं. "पंधरा दिवस कडक ऊन द्यायचं. त्याआधी निचऱ्याची चाचणी. त्याआधी मातीची चाचणी."

मीटर. तपासनीसांच्या चेहऱ्यावर चार महिन्यांत पहिल्यांदा रंग चढला.

खणायला आला तो पहारवाला. वय पन्नाशीचं, बोलणं कमी. पहिली वीतभर माती निघाली आणि मग माती संपली. त्याखाली विटांचे तुकडे, फरशीचे तुकडे, सिमेंटचं एक अख्खं पोतं (आत सिमेंट दगड झालेलं आणि बाहेर पोत्याच्या सुरकुत्या जशाच्या तशा), आणि शेवटी अर्धं संडासाचं भांडं. घर बांधणाऱ्याने बांधून उरलेलं सगळं अंगणात पुरून वर मातीची चादर ओढली होती. पहारवाल्याने भांडं वर काढून ठेवलं आणि विचारलं, "साहेब, हे कुठल्या ढिगात? वरच्या मातीच्या की खालच्या?"

गुडघ्याएवढं झाल्यावर तो थांबला. तपासनीस म्हणाले, चालू ठेव. कमरेएवढं झालं तेव्हा त्यांनी चारही कोपऱ्यांत मोजपट्टी सोडली. तीन कोपरे बरोबर होते आणि चौथा सत्त्याण्णव सेंटिमीटर होता. पहारवाल्याने तीन सेंटिमीटरसाठी पुन्हा खाली उडी मारली. खिडकीतून बाबा हे सगळं बघत होते. संध्याकाळी त्यांनी विचारलं, "आज घालतोस?"

"अजून थोडे दिवस, बाबा."

मातीचे नमुने पुस्तकात दिल्याप्रमाणे नऊ ठिकाणांहून घेतले गेले. वाळवले, चाळले, पिशवीत भरले, पिशवीवर तपासनीसांच्या टपोऱ्या अक्षरात तपशील. प्रयोगशाळेत ते स्वतः गेले. अहवाल बारा दिवसांनी आला. त्यात आकड्यांच्या सगळ्या रकान्यांत आडव्या रेघा होत्या आणि खाली एक ओळ: 'सादर केलेला नमुना माती या व्याख्येत बसत नाही.' तपासनीस पुन्हा गेले. प्रयोगशाळेतला माणूस सभ्य होता. तो म्हणाला, "काका, तुम्ही चुना, विटा आणि थोडी काच आणलीत. आमच्याकडे मातीची तपासणी होते." छत्तीस वर्षं ज्यांनी दुसऱ्यांचा माल नापास केला त्यांचं अंगण नापास झालं होतं. परत येताना ते मुख्य रस्ता सोडून मागच्या गल्लीने आले.

मग निचरा. खड्डा पाण्याने भरायचा आणि एका दिवसात जिरतो का ते पाहायचं. खड्डा भरला. एक दिवस गेला, तीन गेले, पाणी हलेना. तपासनीसांनी काठाला पट्टी रोवून रोज पातळी लिहून ठेवली. सहाव्या दिवशी डासांच्या अळ्या शोधणारी बाई आली. तिने टॉर्च मारला, वही काढली आणि त्यांच्याच दारावर नोटीस चिकटवली. गल्ली बघायला जमली. दुसऱ्यांच्या दारांवर नोटिसा चिकटवण्यात ज्यांची हयात गेली, त्यांनी स्वतःच्या दारावरची नोटीस वाचताना पहिली गोष्ट पाहिली ती ही, की ती तिरकी लावली होती.

"हे बरोबर नाही," हेडमास्तर कुंपणावरून म्हणाले. "पण पुस्तकात अळ्यांचं काही नाही."

नोटिशीचं उत्तर द्यायला ते प्रभागाच्या कार्यालयात गेले तेव्हा आगीतून फुफाट्यात पडले. खिडकीमागच्या कारकुनाने नोटीस बाजूला सारली आणि विचारलं, "डास राहू देत. खड्डा कुणाच्या परवानगीने खणला?"

"झाड लावायचंय."

"अर्जात खड्ड्याचे चार प्रकार आहेत. पाया, गटार, विहीर, इतर बांधकाम. झाड नाही." कारकुनाने चष्मा वर केला आणि जरा थांबला. "तुम्ही वजनमापवाले ना? माझ्या मामांचं धान्याचं दुकान होतं. किलोचं वजन चार ग्रॅमने कमी भरलं होतं."

"सात," तपासनीस म्हणाले. त्यांना आठवत होतं. खरं बोलायची ही वेळ नव्हती, हे त्यांना बाकावर बसल्यावर कळलं. तिसऱ्या दिवशी, एकूण नऊ तास त्या बाकावर काढल्यावर, त्यांच्या खड्ड्याची नोंद 'विहीर (कोरडी)' अशी झाली. विहिरीत तेव्हा कमरेएवढं पाणी होतं. काम संपल्यावर पूर्णत्वाचा अर्ज भरून द्यायचा, नाहीतर विहीर उघडी ठेवल्याची वेगळी नोटीस येईल, असं कारकून म्हणाला.

ते घरी आले तेव्हा खड्डा रिकामा होता. पहारवाला काठावर बसून विडी ओढत होता. "तळाला कडक थर होता," तो म्हणाला. "चार ठिकाणी पहार मारली. गेलं पाणी."

"हे तुला कुणी सांगितलं?"

पहारवाल्याने मानेने खिडकी दाखवली.

आता पंधरा दिवस ऊन. तपासनीसांनी तक्ता आखला. एक दिवस आभाळ आलं तर तो दिवस त्यांनी धरला नाही. एक दिवस बायकोच्या हातून बादली लवंडली आणि मोजणी पुन्हा एकपासून सुरू झाली. इकडे ऊन असं, की फरशीवर अनवाणी पाय टेकवत नव्हता. डब्यातल्या कलमाची पानं दुपारी मान टाकायची, बायको संध्याकाळी तांब्याभर पाणी घालायची की पुन्हा उभी राहायची. बाबांचंही तसंच चाललं होतं. फक्त संध्याकाळी ते दर वेळी थोडे कमी उभे राहायचे. आधी वाटीभर पेज जायची, मग अर्धी, मग चार चमचे. रोज एकच प्रश्न असे. "आज?"

"अजून सहा दिवस, बाबा."

एका दुपारी बायको स्वयंपाकघरात भांडी विसळता विसळता पाठमोरीच म्हणाली, "अहो, घालून टाका ते झाड. पुढचं पुढे बघू."

"चुकीचं घातलं तर मरेल ते."

"आणि बरोबर घालेपर्यंत?"

तपासनीस ओट्यापाशी उभे राहिले. हातात तक्ता होता. "त्यांच्या हातचं हे एकच उरलंय," ते म्हणाले. "माझ्या हातून मेलं तर काय करू? त्यांच्या कामातलं मला काही येत नाही. मी कधी शिकलो नाही. मला लाज वाटायची." बायकोने नळ बंद केला. इतक्या वर्षांत हे वाक्य तिने पहिल्यांदाच ऐकलं होतं, आणि ते बोलून झाल्यावर तपासनीस लगबगीने तक्त्यावर आजची फुली मारायला गेले.

माती बाहेरून मागवली. लाल, चाळलेली, पावतीसकट. शेणखतही आलं, अर्धा घनमीटर, वजनाच्या दाखल्यासह. ते टेम्पोतून उतरताना त्यातून वाफ निघत होती. हेडमास्तर म्हणाले, वाफ म्हणजे कस. बाबा खिडकीतून म्हणाले, "कच्चं आहे."

"दाखला आहे, बाबा. वजन अगदी बरोबर आहे."

"वजन बरोबर असेल," बाबा म्हणाले.

पंधरावी फुली पडली त्या सकाळी तपासनीसांनी दाढी केली आणि निवृत्तीच्या समारंभाचा शर्ट घातला. खड्डा थरावर थर देऊन भरला होता, प्रत्येक थर पट्टीने मोजून. हेडमास्तर सपत्नीक आले. पहारवाल्याने आणि तपासनीसांनी बाबांना खुर्चीसकट उचलून दारात आणलं. त्यांचं वजन किती कमी झालं होतं हे तपासनीसांच्या हातांना बरोबर कळलं, आणि त्यांनी आयुष्यात पहिल्यांदा एखादं वजन मनातल्या मनात सांगायचं टाळलं.

"मूठभर दे," बाबा म्हणाले.

खड्ड्यातली माती त्यांच्या उजव्या हातात दिली. त्यांनी मूठ मिटली, नाकाशी नेली, मग गालाला लावली. "आत गरम आहे," ते म्हणाले. "खत अजून शिजतंय. मुळं भाजतील. आज घालू नको. महिनाभर जाऊ दे."

दीड महिना रोज 'आज?' म्हणून विचारणारा माणूस आता थांब म्हणत होता. हेडमास्तरांनी पुस्तक बगलेत धरलं. तपासनीस वडिलांकडे बघत राहिले. महिना. पाहुणे जमले होते, शर्ट चढवला होता, हे सगळं होतंच. पण महिना म्हणजे किती, हे त्या अंगणात फक्त त्यांनी मोजलं होतं.

"तुम्हाला बघायचं होतं ना," ते म्हणाले.

"माझ्याकडे महिना नाही म्हणून घालतोयस," बाबा म्हणाले. "झाडाकडे आहे."

तपासनीसांनी ते ऐकलं आणि तरीही डबा कापला. त्यांनी कलम खड्ड्याच्या मधोमध, दोन्ही बाजूंनी बरोबर पन्नास सेंटिमीटरवर उभं केलं, भोवती माती दाबली, वर वाळक्या पाल्याचं पांघरूण घातलं, पाणी दिलं. हेडमास्तरांच्या बायकोने टाळ्या वाजवल्या. बाबा बराच वेळ बघत राहिले आणि म्हणाले, "सरळ लावलंस."

पाचव्या दिवशी पानांच्या कडा तांबूस झाल्या. नवव्या दिवशी सगळं झाड चहापत्तीच्या रंगाचं झालं. तपासनीसांनी पाल्याखाली हात घातला तेव्हा माती तापलेल्या अंथरुणासारखी लागली.

इथून पुढे त्यांनी जे केलं ते कुठल्याही व्यापाऱ्याने केलं असतं तर त्यांनी त्याला कोर्टात उभं केलं असतं. बाबा दुपारी झोपले असताना ते रोपवाटिकेत गेले आणि तेवढ्याच उंचीचं, तेवढ्याच पानांचं चिकूचं कलम घेऊन आले. मेलेलं झाड उपटून त्यांनी एका फुटक्या बादलीत खोचलं आणि न्हाणीघरामागे नेऊन ठेवलं. कचऱ्यात टाकायला हात उठला नाही. नवं कलम कुंडीसकट खड्ड्यात पुरलं, म्हणजे गरम मातीला त्याची मुळं लागणार नाहीत. पाला सारखा केला. बनावट माल, खोटं वेष्टन, ग्राहकाची फसवणूक. कलमं त्यांना पाठ होती.

उठल्यावर बाबांनी बाहेर पाहिलं. "टवटवीत दिसतंय," ते म्हणाले.

"हो. धरलं त्याने."

आठ दिवस बाबा रोज झाडाची विचारपूस करत होते आणि तपासनीस रोज खोटं सांगत होते. नवं पान आलं, दोन आली. बायको मध्ये पडली नाही. ती फक्त संध्याकाळी पाण्याचा तांब्या घेऊन न्हाणीघरामागे जाऊन यायची. वाळलेल्याला कशाला पाणी, असं तपासनीसांनी विचारलं तर म्हणाली, हाताला सवय झालीय.

नवव्या दिवशी बाबा म्हणाले, "मी कलमाचा जोड मातीपासून चार बोटांवर बांधतो. ह्याचा वीतभर वर आहे."

तपासनीस पलंगाच्या कडेला बसले. "कधी कळलं?"

"पहिल्याच दिवशी."

"मग बोलला का नाहीत?"

"तू शिट्टी वाजवत होतास अंगणात," बाबा म्हणाले. "लहानपणी वाजवायचास. माझं कुठे टाकलंस?"

बादली आत आली. तपासनीसांना ती पलंगापाशी ठेवतानाही शरम वाटत होती. बाबांनी उजव्या हाताच्या अंगठ्याचं नख सालीवर ओढलं. जोडाच्या वर आत तपकिरी निघालं. जोडाच्या खाली नख ओढलं, तिथे हिरवं निघालं. आणि मातीच्या जरासं वर, उडदाच्या दाण्याएवढा, एक फुटवा होता.

"चिकू गेला," बाबा म्हणाले. "खिरणी आहे. ह्याला पाणी कुणी घातलं?"

दारात उभ्या असलेल्या बायकोने काही सांगितलं नाही आणि बाबांनीही पुन्हा विचारलं नाही. त्यांनी गादीखालून गुंडाळलेलं फडकं काढायला सांगितलं. त्यात त्यांची कलमाची सुरी होती. मूठ इतकी झिजलेली की तिला बाबांच्या हाताचा आकार आला होता. त्यांनी ती मुलापुढे धरली. "बाहेरच्या त्या नव्या झाडाची काडी आण. मला एकच हात आहे. तू बांध."

"मला येत नाही, बाबा."

"मी आहे अजून."

काडी आली. तपासनीसांनी सुरी धरली ती पेनासारखी. बाबांनी त्यांची बोटं एकेक करून सुरीवर नीट बसवली.

"पाचर किती कापू?"

"दोन बोटं."

"कुणाची?" त्यांच्या तोंडून सवयीने गेलं.

"ज्याच्या हातात सुरी आहे त्याची," बाबा म्हणाले.

पहिली काडी वाकडी कापली गेली, दुसरी तुटली. तिसरीला बाबा काही बोलले नाहीत, म्हणजे ती ठीक असावी. खिरणीचं खोड चिरून त्यात पाचर बसवली, साल सालीला भिडवली, वर पट्टी आवळली. बाबांनी आपलं बोट गाठीवर ठेवलं होतं आणि मुलाने त्या बोटावरून दोरा फिरवला. सगळं झाल्यावर तपासनीसांचा शर्ट पाठीला चिकटला होता.

"किती दिवसांनी सोडायची पट्टी?"

"कळेल."

"आणि वाळली तर?"

"तर पुन्हा बांध. मूळ थांबतं." बोलून बाबा दमले. मग डोळे मिटूनच म्हणाले, "पाटी गेली त्या दिवशी मला वाटलं होतं, पोरगा काम चोख करतोय."

तपासनीसांना पस्तीस वर्षं ह्या वाक्याची भीती वाटत आली होती. ते आपल्या भीतीपेक्षा वेगळं असेल असं त्यांना कधी वाटलं नव्हतं. ते तिथेच पलंगाच्या पायाशी बसून रडले, आणि बाबांनी ते पाहू नये म्हणून केलेला खटाटोप व्यर्थ होता, कारण बाबांचे कान शाबूत होते.

बाबा अकरा दिवसांनी गेले. दुपारी चार चमचे पेज घेतली, पाचवा नको म्हणाले. उन्हाळा संपायला तीन आठवडे होते.

बांधलेली काडी त्यानंतर चार दिवसांनी वाळली. तपासनीसांनी पट्टी सोडून पाहिली, आत जोड धरलाच नव्हता. त्यांनी तो कापून टाकला. खाली खिरणीच्या खोडावर आता दोन फुटवे होते. हेडमास्तर कुंपणावरून म्हणाले, वा, तुमचा चिकू फुटला की. तपासनीसांनी त्यांना दुरुस्त केलं नाही.

महिना भरल्यावर त्यांनी खड्ड्यातल्या मातीत हात घातला. गार होती. मूठ दाबली, लाडू वळला. बोट लावलं, फुटला. त्यांनी कुंडीतलं नवं झाड काढून बाजूला ठेवलं, काड्यांसाठी ते लागणार होतं. पहारवाला आला होता, पण ते म्हणाले, मी खणतो. भुसभुशीत मातीत ते उतरले आणि गुडघ्याला काठ लागल्यावर थांबले. मोजपट्टी आत टेबलावर होती. खिरणी जमिनीत गेली. त्या संध्याकाळी त्यांनी खिडकीतून बघून घेतलं, सरळ लागली होती.

मग विहीर उघडी ठेवल्याची नोटीस आली. तपासनीस पूर्णत्वाचा अर्ज भरून कार्यालयात गेले. कारकुनाने तो वाचला, एका रकान्यावर बोट ठेवलं आणि कागद खिडकीतून परत सरकवला. 'खड्ड्याची खोली' ह्यापुढे टपोऱ्या अक्षरात 'गुडघाभर' असं लिहिलं होतं.

"गुडघाभर म्हणजे किती?" कारकुनाने विचारलं. "कुणाचा गुडघा?"

"खणणाऱ्याचा."

कारकून त्यांच्याकडे बघत राहिला. चेष्टा चालली आहे की काय, हे त्याला ठरवता येत नव्हतं. "साहेब, तुम्हीच असं लिहिता? हे माप नाही. हे चालणार नाही."

"माहीत आहे," तपासनीस म्हणाले आणि कागद पुन्हा आत सरकवला. "माझ्याकडेही चाललं नव्हतं."